घोड्याची मान

मामाजी, आपलं भांडन अर्धंच राह्यलं ना.

मी चुलीपाशी भात गाळत म्हनत होती का तो मानूस पळाला म्हंजे पळालाच, फिलम तिथंच सरते, पुढं काय झालं हे तुमाले कसं मालूम. अन् तुमी अंगनात मशीनच्या चाकाले तेल देत म्हनत होते, "सुनबाई, तू मानसाकडे पाह्यते म्हनून. घोड्याकडे पाह्य." दरसाल दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेआधी हेच. या साली तेलाची कुपी काढाच्या आधीच तुमाले ताप आला, धान कापनं सोडून सारे तुमच्या खाटेपाशी बसले, अन् तुमी गेले. आता मी कोनाशी भांडू?

थकली मी मामाजी. तेरवी झाली, पाव्हने गेले, भांडे घासून घासून बोटं सोलले, अन् वावराच्या बांधीतला धान अजून आडवाच पडला हाये. तुमची नात आरू रोज सकाळी उठली का तुमच्या खाटेखाली वाकून पाह्यते, कारन लपाछपीत तुमी तिथंच लपत होते. मी तिले काही म्हनत नाही. बोलाची ताकतच नाही. पन काल मंडईत जे झालं ते तुमाले सांगतल्याशिवाय मले चैन पडनार नाही, म्हनून पहिल्यापासून सांगते, तुमाले मालूम असलं तरी ऐका, मधातून सुरू केलं का मी अडकते.

मी लगन होऊन आली तेवा मले वाटलं होतं का सासऱ्याचं टॉकीज हाये म्हंजे मोठं काही असन. पाह्यलं तं काय, एक हातानं फिरवाचं काळं मशीन, एक चादरीचा पडदा, अन् पत्र्याच्या डब्यात एकच फिलम. तुमी जवानीत तंबूतल्या टॉकीजवाल्यासंग गावोगाव फिरत होते, त्याचा तंबू बसला, अन् हे मशीन तुमच्या गळ्यात आलं. फिलम तं तुमच्या जनमाच्याबी आधीची. तिले आवाज नाही. मधामधात पाट्या येते, त्या कोनाले वाचता येत नाही. नावाची पट्टी कधीचीच तुटली. तिचा आवाज म्हंजे तुमीच.

मंडईच्या दिवशी दुपारी, कारन संध्याकाळ तं दंडारीचे नाच-नाटक करनाऱ्याईची, सोसायटीच्या धानाच्या गोदामात खिडक्याईले बारदाने लावून अंधार कराचा, लेकरं-बाया-बुढे पोत्यावर बसाचे, आरूचे बाबा मशीनचा दांडा फिरवाचे, अन् तुमी पडद्याच्या बाजूले उभे राहून साऱ्याईचं बोलाचे. पोरीचं बोलाचं आलं का डोक्यावर दुपट्टा घ्याचे अन् आवाज असा बारीक काढाचे का बाया पदर तोंडात कोंबाच्या. आत्याबाई लाजून म्हनाच्या, "माह्या बुढ्याले लाज नाही," अन् त्याच साऱ्याईच्या समोर बसाच्या.

फिलम तं एवढीशी. पहाडाखाली एक गाव. डाकू घोड्यावर बसून येते. गावचे मानसं काठ्या घेऊन एकाठाई उभे राह्यते. अन् तो बारक्या मिशीचा पोट्टा, ज्याच्यावर त्या पोरीचा जीव, तो काठी टाकते अन् पळते. गावाच्या उलट्या बाजूनं, पहाडाकडे. त्याचा बाप थुकते. ती पोरगी हातातल्या बांगड्या काढून त्याच्या मांगं फेकते. अन् तो पळूनच राहिला हाये, पळूनच राहिला हाये, अन् पडदा पांढरा होते. पुढचा तुकडा जळलेला, तुमच्या हाती आली तेवापासूनच नव्हता.

पडदा पांढरा झाला का मांगून सुखदेव भाऊजी, आपल्या बाजूच्या घरचे, बोंबलाचे, "पळाला रे पळाला!" अन् सारं गोदाम त्याईच्या मांगं, "पळाला रे पळाला!"

तुमी हात वर कराचे. "थांबा बे! घोड्याची मान कोनी पाह्यली?"

मंग तुमी सांगाचे. पडदा पांढरा व्हाच्या जरासा आधी, पार कोपऱ्यात, डाकूच्या सरदाराच्या घोड्याची मान वळते. गावाकडून पहाडाकडे. पोट्टा पळाला म्हनून घोडा वळला, घोडा वळला म्हनून डाकू वळले, अन् गाव वाचलं. "तो भेला नाही," तुमी म्हनाचे, "त्यानं डाकूईले आपल्या मांगं लावून घेतलं."

"काका, माशी बसली तरी घोड्याची मान वळते!" सुखदेव भाऊजी म्हनाचे, अन् सारे हासाचे, तुमीबी हासाचे, अन् बाहेर जलेबीच्या कढईकडे पोट्टे धावाचे.

मलेबी ती मान कधी दिसली नाही मामाजी. दरसाल ठरवून बसाची का यंदा कोपऱ्यात पाहीन, अन् दरसाल त्या पळनाऱ्या पोट्ट्याकडेच पाहत राहाची.

मंग मोहफुलाचा तो दिवस आला. आरू तेवा अंगावर पीत होती म्हनून मी तिले संगं नेली होती. सकाळची वेळ, झाडाखालचा पाला आधीच जाळून साफ केलेला, काळ्या मातीवर पिवळे फुलं पडले होते. मी आरूले लुगड्याच्या झोळीत टाकून झोळी फांदीले बांधली अन् बाजूच्या झाडाखाली वेचाले बसली. तुमी अन् बाकी लोक नाल्याच्या पलीकडे. जंगलातला कायदा आपल्या इथं लहान लेकरालेबी मालूम हाये. वाघ दिसला का पळाचं नाही. सारे एकाठाई उभे राहाचे, डबे वाजवाचे, ओरडाचं. जो पळन त्याच्या मांगं वाघ लागन, अन् जो पळन त्यानं बाकीच्याईले एकलं टाकलं.

वांदरं ओरडले. ते ऐकून पलीकडून कोनीतरी "वाघ! वाघ!" म्हटलं, डबे वाजाले लागले. मी मान वर केली तं तो माह्या अन् झोळीच्या मधात उभा. एवढ्या जवळ का त्याच्या कानावरची माशी दिसून राहिली होती. आरू झोळीत कुरकुरली, झोळी हालली, अन् त्यानं झोळीकडे पाह्यलं. मामाजी, मले ओरडाचं होतं. तोंड उघडं, अन् आवाज नाही. तुमच्या फिलमीवानी.

अन् तेवा तुमी पळाले. नाल्याच्या काठानं, उघड्या माळावरून, आमच्यापासून लांब, धोतर सुटलेलं, हात हालवत, बोंबलत. अन् वाघाची मान वळली. झोळीकडून तुमच्याकडे. मी ती मान पाह्यली. आंगावरचे पट्टेबी तिच्यासंग वळले. मंग तो तुमच्या मांगं निंगाला, धावलाबी नाही अन् चाललाबी नाही, तसा काहीतरी, अन् नाल्यात उतरला अन् कुठं गेला ते कोनालेच दिसलं नाही.

मी आरूले छातीशी धरली अन् तिथंच बसली. लोक आले तेवा माह्या तोंडून शब्द निंगत नव्हता. त्याईच्या अन् वाघाच्या मधात पळसाचे झुडपं होते, त्याईले वाघ दिसलाच नव्हता. त्याईले दिसलं ते एवढंच का वाघ म्हनताबरोबर काका डबा फेकून पळाला, सून अन् नात जंगलात टाकून.

माही वाचा जाग्यावर आली तोवर तुमचं नाव पडलं होतं. पळपुट्या काका. मी सांगतलं ना मामाजी. हातपंपावर सांगतलं, सोसायटीत सांगतलं, सुखदेव भाऊजीच्या ओट्यावर जाऊन सांगतलं. ते तंबाखू चोळत हासले. "सुनबाई, तू घरची हाये. तू दुसरं काय सांगशीन?"

घरची नसती तं मी त्या झाडाखाली असती कायले?

अन् तुमी. तुमी तं तोंडच शिवून घेतलं. मी इचारलं, "मामाजी, तुमी आमच्यासाठीच पळाले ना?"

"मले याद नाही बाप्पा. पाय पळाले."

"पन तिथून तुमाले वाघ दिसत होता का झोळीपाशी?"

"पाय पळाले म्हटलं ना!"

मले असा राग आला होता तुमचा. फिलममधल्या त्या पोट्ट्यासाठी तुमी साऱ्या गावाशी भांडत होते, ज्याचं नावबी मालूम नाही त्याच्यासाठी, अन् सोतासाठी एक शब्द नाही. आत्याबाई मले आत ओढून म्हने, "नको इचारू बाई. तो सोताच सोताले इचारून राहिला हाये." तेवा मले समजलं नाही. आता थोडं थोडं समजते. तुमालेच पक्कं नव्हतं, हो ना? का तुमी आमच्यासाठी पळाले का सोतासाठी.

मंग मांगच्या सालची मंडई. तरी तुमी पडदा लावला, दुपट्टा घेऊन पोरीचं बोलले, बाया हासल्या. पडदा पांढरा झाला, "पळाला रे पळाला" झालं, अन् मांगून कोनीतरी म्हटलं, "काकावानी!" सारं गोदाम हासलं. तुमी हात वर केला होता. तो हात तसाच खाली आला. घोड्याचं तुमी बोललेच नाही. बारदाने काढले, चादर घडी केली, अन् फिलमचा शेवट न सांगता आपन घरी आलो. वाटेत तुमी एवढंच म्हटलं, "बल्ब गरम होऊन राहिला होता."

अन् ते अंगनवाडीचं मी इसरत नाही. आरू धावत आली, तुमच्या मांडीवर चढली अन् म्हने, "आबाजी, मी पळपुट्याची नात!" खुशीत, जसं कोनी तिले बक्षीस देलं. तुमी हासले, तिले गुळाचा खडा देला. पन त्या दिवशी तुमी भरल्या ताटावरून उठले, मी पाह्यलं. तेवापासून मले भेव बसलं मामाजी. वाघाचं तं हायेच, अजून पाला हालला तरी माहा जीव जाते. पन हे भेव वेगळं. ही मोठी होईन, हिले त्या शब्दाचा अर्थ समजन, मी तिले खरं सांगन, अन् तीबी मले म्हनन का माय, तू तं घरची हाये.

तेरवी झाली अन् मंडईवाले आले, म्हने फिलमीचं काय कराचं, लेकरं इचारून राहिले. मी म्हटलं घरात दुखोटा हाये, आमी सन नाही करत. तं आत्याबाई कोपऱ्यातून म्हने, "तो सन नाही बाई. ते त्याचं काम हाये." आरूचे बाबा डायवरीवरून सुटी घेऊन, ट्रक लाखनीत उभा करून आलेलेच होते. ते म्हने, "दांडा मी फिरवतो. पन बोलन कोन?" मामाजी, मले चार बायाईत नाव घ्याचं म्हटलं तरी घाम सुटते. अन् माह्या तोंडातून निंगालं, "मी."

काल गोदाम भरलं होतं. आरू माह्या कमरेवर, खाली उतराले तयार नाही. मी सुरू केलं अन् काय सांगू, मले थांबताच येईना, भेवानं भराभरा बोलत सुटली, गाव झालं, पोरगी झाली, डाकू झाले. मांगून सुखदेव भाऊजी म्हनते, "सुनबाई, दम घे! डाकू अजून घरून निंगालेच नाही!" सारे हासले, मीबी हासली, अन् हासल्यानं जरा श्वास आला. पोरीचा आवाज मले काढता आला नाही. माहा तं आवाजच पोरीचा, त्यात काय मजा.

पोट्टा पळाला. बापानं थुकलं. बांगड्या फेकल्या. पडदा पांढरा झाला. अन् यंदा "पळाला रे" कोनी ओरडलंच नाही, साऱ्याईच्या ओठावर आलं अन् तिथंच राह्यलं, तुमी नाही म्हनून. ते चूप राहनं मले ओरडन्यापेक्षा जास्त लागलं.

मी म्हटलं, "मानसाकडे नका पाहू. घोड्याकडे पाहा." पुढं मले घोड्याचं सांगाचं होतं. तुमचेच शब्द, पाठ करून गेल्ती मी. पन मामाजी, जीभ वळली. मी म्हटलं, "तो झोळीकडे पाहत होता. माही पोरगी झोळीत होती. मले ओरडता आलं नाही. अन् मामाजी पळाले, अन् त्यानं मान वळवली." एवढं बोलून मी अडकली. वाटलं आता हासते सारे, घोड्याचं सांगता सांगता हिनं वाघ आनला.

समोर बसलेली एक बुढी, तिले ऐकू कमी येते, ती कानामांगं हात धरून म्हने, "मंग?"

कोनी हासलं नाही. मी आरूले दुसऱ्या कमरेवर घेतली अन् सारं सांगतलं. पळसाचे झुडपं कुठं होते, तुमी कुठून पळाले, तो कुठं उतरला. सांगून झालं तं सुखदेव भाऊजी मांगून उठले. मले वाटलं आता म्हनते, तू घरची हाये. ते म्हने, "पुन्हा लाव रे. त्या घोड्याचं पाहू."

फिलम पुन्हा लावली. या पारी मी बोललीच नाही. सारं गोदाम कोपऱ्यात पाहून राहिलं होतं, त्या पळनाऱ्या पोट्ट्याकडे एकबी मानूस नाही. अन् घोडा आला, अन् सुखदेव भाऊजी ओरडले, "थांबव! थांबव तिथंच!"

अन् आरूच्या बाबानं दांडा थांबवला.

तुमी त्याईले लहानपनापासून घोकून देलं होतं ना मामाजी, आकाश पडलं तरी चालन पन बल्ब चालू असताना दांडा थांबवाचा नाही. कधी थांबवला नव्हता त्याईनं. पन त्याईनंबी ती मान कधी पाह्यली नव्हती, मशीनच्या मांगून नीट दिसतच नाही. त्याईलेबी पाहाची होती.

दिसली मामाजी. पडद्यावर थांबली होती. काळी, लांब मान, आयाळ एका बाजूले उडालेली, तोंड पहाडाकडे. माशीनं वळते तशी नाही. पुरी वळलेली. मी पहिल्यांदा पाह्यली.

मंग तिच्यावर एक तपकिरी डाग आला, फुगला, बुडबुडे आले, अन् मान आतून जळत गेली, अन् त्या भोकातून पांढरा उजेड. जळका वास सुटला. आरूच्या बाबानं बल्ब बंद केला, तोवर सरलं होतं. अंधारात लेकरं रडाले लागले. त्याईनं हातानं तो तुकडा ओढून काढला, बोट भाजलं तरी सोडला नाही. एवढ्या सालाची तुमची एक गवाही, अन् ज्या दिवशी साऱ्याईनं पाह्यली त्याच दिवशी गेली.

तेवा अंधारातून सुखदेव भाऊजीचा आवाज आला. कोनाले म्हनत होते कोन जाने. "वळली होती. मी पाह्यली ना. वळली होती."

मंग ते पोत्याईतून वाट काढत माह्यापाशी आले. मले त्याईचं तोंड दिसत नव्हतं. म्हने, "सुनबाई, त्या दिवशी त्याचीबी अशीच?"

"अशीच भाऊजी."

ते गेले अन् खिडकीचं बारदानं काढाले लागले. गाठ सुटत नव्हती त्याईले. किती वेळ तशेच पाठ करून गाठ सोडत राह्यले. आज सकाळी त्याईच्या ओट्यावरून आरू जात होती तं कोना पोट्ट्यानं तो शब्द म्हटला, अन् भाऊजी आतून असे खेकसले का मले अंगनात ऐकू आलं. "कोनाचं नाव घेऊन राहिला बे? तू होता का तिथं?" तेबी कुठं होते. पन म्हटलं त्याईनं.

तुमची फिलम आता आनखी आखूड झाली मामाजी. आता पोट्टा पळते अन् सरते, घोड्याची वळलेली मान त्यातच नाही. तो जळका तुकडा आरूच्या बाबानं डब्यातच ठेवला. रात्री जेवले नाही ते. मी म्हटलं, "मामाजी रागावले नसते," तं म्हने, "रागावले असते. खूप रागावले असते." अन् मंग आमी दोघंबी हासलो, आत्याबाईबी हासल्या.

आता आपलं भांडन. आज बांधीत धानाचे भारे बांधता बांधता मले एक गोष्ट सुचली, अन् हातातला भारा तिथंच टाकून मी बसली. तुमी म्हनता पाय पळाले. बरं, पाय पळाले. पायाले भेव वाटलं. पन त्या दिवशी गावाची वाट तुमच्या पाठीशी होती, दाट झाडी होती, लपाले जागा होती, भेलेला मानूस तिकडे पळते. तुमचे पाय माळाकडे गेले मामाजी. उघड्या माळाकडे, जिथं एक झुडूप नाही, जिथं तुमी साऱ्या जंगलाले दिसान.

यावर काय म्हनता? बोला आता.